गहू हलेना, ऊस वाढेना: माइनक्राफ्टच्या शेतात नेमकं कुठं अडतंय

माइनक्राफ्ट हा ठोकळ्यांच्या (ब्लॉकच्या) जगाचा खेळ, त्यात शेतीही करता येते. कोल्हापूर, कागल, इचलकरंजी इकडच्या पोरांच्या सर्व्हरवर ही तक्रार दर सुट्टीत नव्यानं येते: "पाणी दिलंय, बी पेरलंय, टॉर्च लावलीय, तरी पीक जागचं हलत नाही." त्यावर सल्लेही ठरलेले: अजून पाणी सोड, बोन मील (हाडांच्या चुऱ्याचं खत) टाक. बहुतेक वेळा दोन्ही फुकट जातात. कारण दोष पिकात नसतो, खेळाडू कुठं उभा आहे यात असतो.

ऊसपट्ट्यात वाढलेल्यांची वेगळीच गोची होते. पाट काढायचा, एका रानात एकच पीक घ्यायचं, काळी जमीन शोधायची, या सवयी हातात मुरलेल्या असतात आणि इथं त्या नडतात. खेळातल्या पिकाला ऋतू नाही आणि जमिनीचा कसही नाही. वाढायची पाळी आली का, उजेड आणि ओल आहे का आणि आजूबाजूला काय पेरलंय, एवढंच ते पाहतं. तपासणीही याच क्रमानं करायची.

पाळी म्हणजे काय

जग १६×१६×१६ ब्लॉकच्या खोक्यांत विभागलेलं असतं. एका खोक्यात ४,०९६ ब्लॉक. खेळ सेकंदाला २० टिक (घड्याळाचे ठोके) चालतो आणि जावा या कॉम्प्युटरवरच्या आवृत्तीत प्रत्येक टिकला प्रत्येक खोक्यातले ३ ब्लॉक चिठ्ठी काढल्यासारखे निवडले जातात. यालाच रँडम टिक म्हणतात. हिशेब केला तर एका ब्लॉकची पाळी सरासरी ६८ सेकंदांनी येते. पाळी आली म्हणजे पीक वाढलंच असं नाही, पण पाळी आल्याशिवाय ते कधीच वाढत नाही.

खालची सगळी मिनिटं जावाची आणि मूळ सेटिंगची आहेत. मोबाइलवरच्या बेडरॉकमध्ये हाच आकडा मुळात ३ नसून १ असतो. त्यामुळे तिथं तपासणीचा क्रम हाच ठेवा, मिनिटं मात्र जुळवत बसू नका.

आधी उसाचं एक कांडं लावा

रानाच्या कडेला पाण्याला चिकटून उसाचं एकच कांडं लावा आणि शेताजवळच अर्धा तास काहीतरी काम काढा. उसाला उजेड लागत नाही, नांगरट लागत नाही. त्याला हवी फक्त पाळी. १६ पाळ्या झाल्या की एक कांडं वाढतं, म्हणजे सरासरी १८ मिनिटं. (आपल्याकडचा आडसाली ऊस १८ महिने घेतो. इथं तेवढीच मिनिटं.)

आता तीनच शक्यता उरतात. ऊसही वाढला नाही, तर पाळीच येत नाही. ऊस वाढला पण गहू जिथल्या तिथं, तर उजेड किंवा जमीन बघा. दोन्ही वाढतात पण गहू रेंगाळतो, तर मांडणी चुकली आहे. ही चाचणी न करता शेत उखडून परत पेरणाऱ्यांचा अख्खा दिवस जातो आणि दोष तिथंच राहतो.

ऊसही वाढला नाही

पहिला संशय अंतरावर घ्या. शेताचा चंक (१६×१६ ब्लॉकचा, तळापासून वरपर्यंतचा उभा तुकडा) तुमच्या सिम्युलेशन डिस्टन्सच्या, म्हणजे तुमच्याभोवती जग जिथवर चालू ठेवलं जातं त्या अंतराच्या आत हवा. जावाच्या जुन्या आवृत्त्यांत (१.२१.५ च्या आधी) तो आडव्या अंतरानं १२८ ब्लॉकच्याही आत लागायचा. हे सेटिंग ५ वर ठेवलं असेल तर साधारण ८० ब्लॉकच्या पुढचं शेत झोपलेलंच राहतं. लॅपटॉप अडखळतो म्हणून बरेच जण ते कमी करतात आणि विसरून जातात. मोबाइलवर ते बहुधा ४ चंक, म्हणजे ६४ ब्लॉकच असतं. लांबून शेत दिसतं, म्हणजे ते चालू आहे असं नाही. दिसणं रेंडर डिस्टन्सवर ठरतं, वाढणं सिम्युलेशन डिस्टन्सवर.

जावात हे अंतर मोजताना उंची धरत नाहीत. त्यामुळे शेत खाणीच्या बरोबर डोक्यावर करा. तुम्ही खाली उणे ५९ च्या पातळीवर हिरे शोधत असलात तरी वर गहू वाढत राहतो. घर एकीकडं, शेत दुसरीकडं आणि खाण तिसरीकडं असली की शेताच्या वाट्याला जवळ उभं राहण्याचा वेळच येत नाही. नेदरमध्ये (पोर्टलमधून जायच्या दुसऱ्या दुनियेत) गेलात तर इकडचं शेत थांबलंच, दुसरा कुणी खेळाडू त्याच्याजवळ असेल तरच ते चालू राहील.

दुसरा संशय: खेळ थांबलेला असणं. जावात एकट्यानं खेळताना एस्केप दाबून मेनू उघडला की सगळं जग गोठतं. दुसऱ्या विंडोत गेलात तरी तो मेनू आपोआप उघडतो. जेवायला जाताना खेळ 'चालू' ठेवून जाणाऱ्यांचं पीक म्हणूनच वाढत नाही. उपाय सोपा आहे: मेनूऐवजी इन्व्हेंटरी (सामानाची पिशवी) उघडी ठेवा, ती उघडी असताना जग चालू राहतं. विंडो बदलायची असेल तर एफ३ धरून पी दाबा, म्हणजे आपोआप थांबणं बंद होतं. काही लॅपटॉपवर सोबत एफएनही दाबावं लागतं. मोबाइलवर ॲप मागं टाकून व्हॉट्सॲप बघत बसलात तर तेवढा वेळ शेताच्या हिशेबात धरू नका.

तिसरी गोष्ट झोपेची. पलंगावर झोपलं की रात्र निघून जाते, पण त्या रात्रीचे टिक चालवले जात नाहीत. घड्याळ पुढं सरकतं, पीक नाही. दहा रात्री झोपून काढल्या तरी गव्हाला त्याचा एक कणही फायदा नाही. घाई असेल तर रात्री जागे राहा आणि शेताजवळच्या भट्ट्या, पेट्या आवरा.

एवढं बघूनही ऊस हलला नाही, तर रँडम टिक स्पीड हा गेमरूल (दर टिकला किती ब्लॉक निवडायचे हे ठरवणारा जगाचा नियम) तपासा. गेमरूलच्या कमांडमध्ये नुसतं नाव टाकून पुढं आकडा दिला नाही, तर सध्याचा आकडा दिसतो. कमांड अर्थातच इंग्रजीत टाइप करायची. काही जण बांधकामाचा नकाशा करताना पानं झडू नयेत म्हणून हा आकडा ० करतात आणि तेच जग पुढं खेळायला घेतात. तिथं कुठलंही पीक कधीच वाढणार नाही. जावात ३ आणि बेडरॉकमध्ये १ करा.

मित्राच्या सर्व्हरवर खेळत असाल तर आणखी दोन गोष्टी बघा. नेट हळू असल्यानं पीक हळू वाढत नाही, तो दोष पिंगचा (तुमच्या आणि सर्व्हरच्या मधल्या उशिराचा) आणि तो फक्त तुम्हाला जाणवतो. सर्व्हरचं मशीनच दमलं असेल आणि सेकंदाला २० ऐवजी १० टिक चालत असतील, तर मात्र सगळ्यांचं पीक दुप्पट वेळ घेतं. दुसरी गोष्ट स्पिगॉट किंवा पेपर या सॉफ्टवेअरवर चालणाऱ्या सर्व्हरची. त्यांच्या स्पिगॉट सेटिंग फाइलमध्ये पिकांच्या वाढीचा वेगळा विभाग असतो, त्यात गहू, ऊस, निवडुंग यांचे आकडे वेगवेगळे. मूळ आकडा १००. कुणी गव्हाचा ५० केला असेल तर ऊस नीट वाढतो आणि गहू निम्म्या वेगानं, म्हणजे वरची उसाची चाचणीही फसते. ॲडमिनला आधी हेच विचारा.

ऊस वाढला, गहू नाही

गहू, गाजर, बटाटा, बीट यांना पिकाच्या जागी किमान ९ इतका उजेड लागतो. टॉर्चचा स्वतःचा उजेड १४ आणि दर ब्लॉकला तो एकानं कमी होतो. म्हणजे टॉर्चपासून पाचव्या ब्लॉकवर बरोबर ९ उरतो, सहाव्यावर पीक अडतं. अंतर सरळ रेषेत मोजायचं, कर्णात नाही: दोन ब्लॉक पुढं आणि तीन बाजूला म्हणजे पाच झाले. ग्लोस्टोन, कंदील किंवा सी लँटर्न हे दिवे १५ देतात, तिथं एक ब्लॉक जास्त मिळतो. तळघरातल्या शेतात चार कोपऱ्यांत चार टॉर्च लावून मधला भाग अंधारात ठेवणं ही नेहमीची चूक. कडा पिकतात, मध्य हिरवा राहतो, आणि दोष बियाण्याला जातो.

एफ३ दाबून (त्यानं पडद्यावर आकडे दिसतात) उजेड मोजताना नांगरलेल्या ब्लॉकवर उभे राहू नका. तो पूर्ण ब्लॉकपेक्षा किंचित बुटका असतो, त्यामुळे दिसणारा आकडा फसवू शकतो. शेजारच्या साध्या ब्लॉकवर उभं राहून बघा. उघड्यावरच्या शेताला मात्र जावात रात्रीही टॉर्चची गरज नसते. आकाश थेट दिसत असेल तर वाढ रात्रीही चालू असते. तिथं टॉर्च लावायची ती राक्षस येऊ नयेत म्हणून. काचेचं छप्परही चालतं.

जमिनीचं बघा. पाण्याचा एक ब्लॉक चारी बाजूंनी ४ ब्लॉकपर्यंत, कोपऱ्यांसकट, जमीन ओली ठेवतो, त्याच पातळीवर किंवा एक पातळी वर असेल तर. म्हणूनच ९×९ चा वाफा आणि मध्ये एकच पाण्याचा ब्लॉक: ८० ब्लॉक ओले. पाणी जमिनीच्या एक पातळी खाली गेलं की अजिबात चालत नाही, आणि ही चूक पायऱ्यापायऱ्यांच्या शेतात हमखास होते. बर्फाळ प्रदेशात उघडं पाणी गोठतं आणि आठवड्यापूर्वी ओलं असलेलं रान कोरडं पडतं. पाण्यावर स्लॅब (अर्ध्या उंचीचा ब्लॉक) टाकून आकाश झाका किंवा शेजारी टॉर्च लावा.

ओली, पेरलेली जमीन परत साधी माती होत असेल तर कुणीतरी तिच्यावर उडी मारतंय. चालल्यानं काही होत नाही, वरून पडल्यानं होतं. बहुतेक वेळा खेळाडू मधल्या पाण्यात पडतो, उडी मारून बाहेर येतो आणि तिथलाच ब्लॉक मोडतो. पाण्यावर कमळाचं पान ठेवलं की हे थांबतं. गाजरं नाहीशी होत असतील तर सशांवर नजर ठेवा. आणि गावातला शेतकरी पिकलेलं पीक काढून लगेच नवं पेरतो, त्यामुळे शेत कायम कोवळंच दिसतं. तिथं वाढीत काही दोष नाही, माल त्याच्याकडं जातोय.

गाजर आणि बटाट्याबद्दल एक गैरसमज: वाढीच्या पायऱ्या ८, पण दिसायला रूपं ४ च. दोन-तीन पायऱ्या सारख्याच दिसतात, त्यामुळे पीक अडलं असं वाटतं. घाईनं उपटलं तर एकच गाजर किंवा बटाटा हाती येतो.

दोन्ही वाढतात, पण गहू रेंगाळतो

खरा वेळ इथं वाचतो, म्हणून हिशेब नीट बघा. पाळी आली की खेळ त्या रोपाला गुण देतो. रोपाखालचा ब्लॉक ओला असेल तर ४, कोरडा असेल तर २. भोवतालच्या आठ ब्लॉकपैकी प्रत्येक ओल्या नांगरलेल्या ब्लॉकचे ०.७५, कोरड्या नांगरलेल्याचे ०.२५. जास्तीत जास्त १०. त्यानंतर २५ ला या गुणांनी भागायचं, अपूर्णांक सोडून द्यायचा आणि १ मिळवायचा. जो आकडा येईल तितक्या पाळ्यांत सरासरी एकदा रोप एक पायरी वाढतं. १० गुण असतील तर तीन पाळ्यांत एकदा. गव्हाला अशा ७ पायऱ्या चढायच्या असतात, म्हणजे सरासरी २४ मिनिटं.

मेख पुढं आहे. त्याच पिकाचं रोप कर्णात असेल, किंवा पूर्व-पश्चिम आणि उत्तर-दक्षिण अशा दोन्ही दिशांना असेल, तर गुण निम्मे होतात. अख्ख्या वाफ्यात गहूच गहू पेरला की प्रत्येक रोपाचे १० चे ५ होतात आणि २४ मिनिटांची ४८ होतात. बुद्धिबळाच्या पटासारखी पेरणी करणारे हुशारी करायला जातात आणि त्यातच अडकतात, कारण तिथं चारही कर्णांत तेच पीक असतं. गुण निम्मेच.

उत्तर आहे आंतरपीक, तेही सरळ ओळीत. एक ओळ गहू, एक ओळ गाजर, परत गहू. ओळीतल्या रोपाला दोन्ही बाजूंना आपलंच पीक चालतं, कर्णात दुसरं असल्यानं दंड बसत नाही. दोन पिकं पुरतात, तिसऱ्याची गरज नाही. मधल्या ओळी ओल्या नांगरून रिकाम्या ठेवल्या तरी वेग तोच मिळतो, पण त्याचा मोह नको: निम्म्या रानातून निम्म्या वेळात निम्मा गहू म्हणजे ताशी उत्पन्न तेवढंच, वाचतं ते फक्त बियाणं. आंतरपिकात मात्र त्याच २४ मिनिटांत गहूही मिळतो आणि गाजरही.

आता पाटाचं. लांबच लांब पाट काढून दोन्ही कडेला पेरलं की पाटालगतच्या ओळीचे तीन शेजारी पाण्यात जातात. १० चे ७.७५ होतात, तीनऐवजी चार पाळ्या लागतात, गहू ३२ मिनिटांवर जातो. वाफ्याच्या मध्यभागी एकच पाण्याचा ब्लॉक असेल तर त्याला चिकटलेल्या रोपाचा एकच शेजारी जातो, गुण ९.२५ राहतात आणि वेगावर काहीच परिणाम होत नाही. दोन शेजारी गेले तरी ८.५, तेही चालतं. तिसरा गेला की फटका बसतो. वाफ्याच्या बाहेरच्या कडेलाही हाच नियम लागतो, म्हणून सुटे सुटे वाफे करण्यापेक्षा ते एकमेकांना चिकटवा, मध्ये पायवाट सोडू नका.

पूर्ण कोरड्या रानात सगळीकडं एकच पीक असेल तर गुण २, लागणाऱ्या पाळ्या १३, आणि गव्हाला सरासरी पावणेदोन तास. "पाणी नसलं तरी वाढतं की" म्हणणाऱ्यांना हा आकडा दाखवा.

ही सगळी सरासरी आहे. ८० रोपांत एखादं रोप उत्तम मांडणीतही पाऊण तासाच्या पुढं जातं. त्याच्यासाठी अख्खं रान थांबवून ठेवू नका. पिकलेलं काढा, तिथं लगेच पेरा.

उसाचं वेगळं

ऊस माती, गवत, वाळू कशावरही सारख्याच वेगानं वाढतो. वाळूत लवकर येतो हा जुना समज आहे, त्यात काही नाही. पाणी मात्र खालच्या ब्लॉकला चार बाजूंपैकी एकीकडून चिकटलेलं हवं, कर्णातलं चालत नाही. वाढ तीन ब्लॉकपर्यंत, पुढं कितीही थांबा.

तोडताना खालचं कांडं ठेवा आणि दुसऱ्या ब्लॉकवर घाव घाला, वरचं आपोआप पडतं. खोडवा कायम राहतो, लागण पुन्हा करावी लागत नाही. पिस्टन (समोरचा ब्लॉक ढकलणारा दट्ट्या) लावून यंत्र केलं असेल आणि एकदाच तोडणी होऊन बंद पडत असेल, तर पिस्टन एक ब्लॉक खाली बसलाय आणि बुडखाच उडवतोय. पिस्टन दुसऱ्या ब्लॉकच्या उंचीला, ऑब्झर्व्हर (समोरचा बदल टिपून इशारा देणारा ब्लॉक) तिसऱ्याच्या. ऑब्झर्व्हरचं तोंड उसाकडं. यंत्र चालतं पण माल कमी मिळतो, तर उडालेली कांडी पाण्यात किंवा यंत्राच्या मागं पडताहेत. मातीच्या खालून हॉपर (पडलेला माल गोळा करणारं नरसाळं) असलेली रुळावरची गाडी फिरवली की बरीचशी सापडतात.

बोन मील आणि बाकीचे जुगाड

बोन मील गहू, गाजर, बटाट्याला एका वेळी २ ते ५ पायऱ्या चढवतं, म्हणजे कोऱ्या रोपाला २ ते ४ लागतात. एका हाडातून ३ निघतात. बिटावर जावात ते चारपैकी तीन वेळाच लागू पडतं आणि एकच पायरी देतं, म्हणून बिटावर उधळू नका. उसावर जावात बोन मील चालतच नाही, बेडरॉकमध्ये चालतं. यूट्यूबवर बघून जावात प्रयत्न करणाऱ्यांची निम्मी तक्रार यातूनच येते. नेदर वार्ट या नेदरमधल्या पिकावर दोन्हीकडं चालत नाही. त्याला सोल सँड ही नेदरमधली वाळू हवी. पाणी, उजेड, मांडणी यांनी काही फरक पडत नाही, आणि सरासरी ३४ मिनिटं मुकाट्यानं थांबावं लागतं.

मधमाश्यांचा उपयोग होतो. फुलावरून पराग घेतलेली माशी पोळ्याकडं परतताना पिकांवरून उडाली की खालचं रोप एक पायरी वाढू शकतं, एका फेरीत जास्तीत जास्त १० वेळा. म्हणून फुलं एका बाजूला, पोळं दुसऱ्या बाजूला आणि मध्ये शेत असं ठेवा. फुलं पोळ्याला चिकटून लावली तर माशी शेतावरून जाणारच नाही. पावसात आणि रात्री त्या बाहेर पडत नाहीत.

भोपळा आणि कलिंगडाचा वेल पूर्ण वाढूनही फळ धरत नसेल तर त्याच्या चार बाजूंपैकी एका तरी बाजूला माती किंवा गवताचा मोकळा ब्लॉक हवा. दगडी फरशी, टॉर्च, कुंपण यांनी चारही बाजू अडवलेल्या असतात. शेत सुबक दिसतं, फळ मात्र धरत नाही.

रँडम टिक स्पीड वाढवून १०० केला की पीक डोळ्यांदेखत येतं हे खरं. पण त्याच वेगानं वेली चढतात, पाणी गोठतं, आणि साधा लॅपटॉप धापा टाकायला लागतो. बेडरॉकमध्ये चीट्स चालू केल्या की त्या जगात अचीव्हमेंट मिळत नाहीत, हे कमांड टाकण्याआधी लक्षात घ्या. करायचंच असेल तर जगाची प्रत काढून तिथं मांडणी तपासा, आणि खऱ्या जगात आकडा परत ३ वर (बेडरॉकमध्ये १ वर) आहे ना हे एकदा बघून घ्या.